भजनाचा पखवाज सुरात लावताना

रेणुकामातेच्या रेणापुरात गोंधळाला संबळ हवा, तसा मराठवाड्यातील कोणत्याही हरिनाम सप्ताहाला पखवाज हवा. मात्र वाद्य चांगले असूनही ते सुरात नसेल, तर गायकाला अकारण ताणून गावे लागते आणि कीर्तन रंगत नाही.

ध्रुपदाच्या साथीचा पखवाज खर्जातला, गंभीर असतो. वारकरी भजन उंच पट्टीत चालते. त्यामुळे येथे शाईची बाजू खणखणीत आणि धुमा भरदार लागतो. प्रथम पेटीवर गायकाची पट्टी निश्चित करून शाईची पुडी त्याच्या षड्जात आणावी. अंतर मोठे असल्यास वाद्यांखालचे लाकडी गट्टे खोडाच्या फुगीर भागाकडे ठोकावेत. वाद्या ताणल्या जाऊन सूर चढतो. उरलेला फरक गजऱ्यावर काढावा. वरून हातोडी मारल्यास सूर चढतो, खालून मारल्यास उतरतो. पुडीच्या कडेला सोळा घरे असतात. एक घर लावले, की त्याच्या समोरचे लावावे. ओळीने फिरत गेल्यास पुडी एका अंगाला ओढली जाते व आवाज फाटतो. हातोडी पुडीवर पडता कामा नये, हे सांगण्याची गरज नसावी. तरीही पुड्या फुटतात त्या बहुधा याच घाईने.

शाई ही शोभेची वस्तू नव्हे. साध्या ताणलेल्या कातड्यातून निघणारे उपस्वर मूळ स्वराशी जुळत नाहीत, म्हणून ढोलाचा नेमका सूर सांगता येत नाही. मध्यभागी चढवलेल्या शाईच्या वजनाने ते जुळतात. मृदंग व तबल्याचे हे गुपित सी. व्ही. रामन यांनी शिवकाली कुमार यांच्यासह १९२० साली 'नेचर' नियतकालिकात मांडले.

धुम्याला मात्र ताजी कणीक लागते, आणि खरी कसोटी तिचीच. गव्हाचे पीठ पाण्यात मऊ मळून, पुडीचा मध्य किंचित ओला करून कणीक गोल थापावी. थर वाढवला की आवाज खाली जातो. शाईच्या षड्जाच्या एक सप्तक खाली तो स्थिरावला, की थांबावे. कणीक जास्त झाल्यास धुमा गुदमरतो, कमी झाल्यास पोकळ वाजतो. वैशाखातील कोरड्या हवेत ती लवकर सुकून तडकते, म्हणून जाणते वादक शेजारी पाण्याची वाटी ठेवून मधूनमधून बोट फिरवतात. त्याच हवेत कातडे आवळून शाईचा सूर चढतो. आषाढात दमटपणाने उतरतो. दुपारी लावलेला पखवाज म्हणूनच रात्रीच्या कीर्तनापूर्वी पुन्हा तपासावा लागतो.

अलीकडे नटबोल्टचे पखवाज सर्रास दिसतात. पान्याने ते झटपट लागतात, हे खरे. कणकेचे काम मात्र पाना करीत नाही. ध्वनिवर्धकाचा खर्ज वाढवून ती उणीव झाकणे हा आमच्या मते आळस होय. वादन संपताच कणीक ओल्या हाताने काढून पुडी पुसून ठेवावी. रात्रभर राहिली, तर कातडे कडक होते आणि उंदरांना आमंत्रण मिळते ते वेगळेच.