बैलाची जीभ आणि मंद आच : बुलढाणा जिल्ह्याच्या अन्नेतिहासातील एक प्रकरण

गुरांची जीभ म्हणजे दाट स्नायू, वर जाड कातडे. पाण्यात तीनचार तास मंद आचेवर ठेविल्याखेरीज ती मऊ होत नाही. मग आतील चिवट तंतूंचा सरस होतो व गरम असतानाच कातडे सोलून निघते. बुलढाण्यासारख्या कापसाच्या मुलखात हा प्रश्न प्रथमतः जळणाचा ठरतो. पऱ्हाटी भडकन पेटते आणि लवकर विझते. गोवरीचा विस्तव धग धरून राहतो. रोजमजुरीस जाणाऱ्या बाईला चुलीपाशी बसून राहण्याची सवड नसे, हे येथे विसरता येत नाही.

हे मांस घरात येई कोठून? गावातील मेलेले जनावर ओढून नेणे हे महारांचे परंपरागत काम, आणि त्याचे मांस हा त्या कामाचा मोबदला मानला जाई. म्हणजे वाट्याला येई तो बहुधा जन्मभर औत ओढून थकलेला बैल. त्याचे मांस दीर्घकाळ शिजविणे ही आवड नव्हती, निरुपाय होता. एका दिवसात न संपणाऱ्या मांसाच्या चान्या करून उन्हात वाळवीत. रसेल व हिरालाल यांच्या १९१६ च्या ग्रंथात या मांसभक्षणाची दखल आहे, पण ती जातीची पायरी ठरविण्याच्या ओघात. हे मांस खाण्याजोगे करण्याचे बायकांचे कौशल्य त्या चौकटीत बसणारे नव्हते.

१९२७ साली महाडच्या परिषदेत डॉ. आंबेडकरांनी मृतमांस सोडण्याचे आवाहन केले. हा त्याग चवीचा नव्हता; अपमानास्पद मोबदल्याचा होता. त्याबरोबर चुलीवरील ज्ञानही मौन झाले, आणि त्याबद्दल हळहळणे अभ्यासकास शोभणार नाही. मात्र त्याची नोंद होणे अगत्याचे होते. शेजारच्या मराठवाड्यापुरते ते काम शाहू पाटोळे यांनी ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ या पुस्तकात केले.

मुसलमान घरांतील ‘जबान’ची गोष्ट निराळी, तेथे मांस खाटकाकडून विकत येई, मोबदला म्हणून नव्हे. पुढे कायद्याने दोन्ही वाटा अरुंद केल्या. १९७६ च्या अधिनियमाने गोहत्येस बंदी आली व २०१५ च्या दुरुस्तीने ती बैल आणि वळूंपर्यंत वाढली. म्हैस या पूर्ण बंदीबाहेर राहिली. त्यामुळे आता शिजते ती म्हशीची जीभ, आणि तीही पुष्कळदा प्रेशर कुकरात.