जुना मदरबोर्ड नव्या पेटीत

नंदुरबार जिल्हा धुळ्यापासून वेगळा झाला १ जुलै १९९८ रोजी. त्या सुमारास देशभरच्या कचेऱ्यांत टंकयंत्राशेजारी संगणक येऊन बसू लागले होते. पुढे २९ सप्टेंबर २०१० रोजी याच जिल्ह्यातल्या टेंभली गावात ‘आधार’चे पहिले क्रमांक दिले गेले. आता प्रश्न आहे तो वापरून जुन्या झालेल्या यंत्रांचा. पेटीतला वीजपुरवठा जळतो आणि सगळा संगणक निर्लेखनाच्या यादीत जातो. पण आतला मदरबोर्ड पुष्कळदा शाबूत असतो. तो दुसऱ्या पेटीत बसवता येईल का? याचे उत्तर संगणकाच्या इतिहासात आहे.

आयबीएमने ऑगस्ट १९८१ मध्ये आपला पीसी बाजारात आणला, तेव्हा त्यातले बरेच भाग बाहेरून विकत घेतलेले होते आणि मदरबोर्डचे विद्युत-आराखडे तांत्रिक पुस्तिकेत छापलेले होते. त्यामुळे इतरांना त्याला जुळणारे भाग बनवता आले. १९८४ च्या ‘एटी’ नमुन्याची स्क्रूची भोके आणि कार्डांच्या खाचा इतर उत्पादकांनीही उचलल्या. कोणी कायदा केला नव्हता. सोयीतून रूढी पडली. या रूढीत एक खोट होती. वीजपुरवठ्याचे दोन प्लग सारखेच दिसत. दोन्हींच्या काळ्या तारा मधोमध शेजारी आल्या पाहिजेत. अदलाबदल झाली तर बोर्ड जळे.

१९९५ मध्ये इंटेलने ‘एटीएक्स’ हे मानक मांडले. बोर्डचा पूर्ण आकार ३०.५ × २४.४ सेंटिमीटर, भोकांच्या जागा ठरलेल्या आणि वीस टोकांचा एकच प्लग, जो उलटा बसतच नाही. आणखी एक बदल महत्त्वाचा. पुढचे बटण आता मुख्य वीज तोडत नाही. यंत्र बंद असतानाही बोर्डला ५ व्होल्ट मिळत राहतात. म्हणून हात घालण्यापूर्वी भिंतीवरची वायर काढायची.

मग अडचण कुठे? कचेऱ्यांना हजारोंच्या संख्येने विकल्या जाणाऱ्या नामांकित कंपन्यांच्या यंत्रांत. पेटी लहान हवी, जोडणी झटपट व्हावी, म्हणून या कंपन्यांनी पुष्कळदा स्वतःचेच आकार आणि प्लग वापरले. १९९८ पासून काही वर्षे डेलच्या काही संगणकांत प्लग दिसायला हुबेहूब एटीएक्सचा होता, पण आतल्या तारांचा क्रम वेगळा होता. त्यावर बाजारातला साधा वीजपुरवठा जोडला की बोर्डचे नुकसान होई. प्लग बसला म्हणजे जुळला असे नव्हे, हा धडा तिथला.

त्यानंतरच्या काळाने दुसरा धडा दिला. २००० च्या आसपास बनलेल्या अनेक बोर्डांवरील कपॅसिटर सदोष रसायनामुळे फुगून निकामी झाले. म्हणून जुना बोर्ड हाती आला की आधी त्यावरच्या छोट्या नळकांड्यांची डोकी पाहावीत. ती सपाट असतील तर बरे. फुगलेली किंवा पाझरलेली असतील तर तो बोर्ड चालू न करता केवळ दाखवण्यासाठी ठेवावा. मग भोके एटीएक्सशी जुळतात का, ते पाहावे. तारांचा क्रम बोर्डच्या माहितीपत्रकाशी ताडावा. घड्याळाचा नाण्याएवढा सेल बदलावा. वीजपुरवठ्याची पेटी मात्र कधीही उघडू नये. वायर काढल्यावरही तिच्यात धोकादायक विद्युतभार राहू शकतो.

शाळेचे यंत्र जडवस्तू नोंदवहीत असते, तेव्हा निर्लेखनाची रीत पाळूनच भाग वेगळे करावेत. उरलेले भंगारवाल्याच्या काट्यावर जाऊ नयेत, कारण जुन्या बोर्डांच्या डाखात शिसे असते आणि ते जाळून तांबे काढणाऱ्याच्या फुप्फुसात विष जाते. २०२२ च्या ई-कचरा नियमांत यंत्र पुन्हा वापरात आणणारे आणि पुनर्चक्रण करणारे या दोघांच्याही नोंदणीची तरतूद आहे.

धडगावसारख्या डोंगराळ भागातल्या शाळेला सुटा भाग आणायचा तर सातपुडा उतरावा लागतो. म्हणून पुढच्या खरेदीच्या वेळीच विचारावे : यातला बोर्ड आणि वीजपुरवठा प्रचलित मानकाचा आहे का? हा एक प्रश्न दहा वर्षांनी कामी येतो.