सुबोधता आणि अधिकार : महाड परिसरातील तत्त्वविचार

तत्त्वविचार सामान्यांच्या आटोक्यात आणण्याचा प्रश्न मराठीत बहुधा भाषेचा प्रश्न म्हणून मांडला जातो. संस्कृत दुर्बोध, प्राकृत सुबोध. ज्ञानदेवांनी वाट पाडली, पुढच्यांनी ती रुंद केली, अशी ही सोयीची कथा आहे. महाड आणि पोलादपूर या शेजारच्या तालुक्यांचा वाङ्मयीन इतिहास पाहिला, की ती अपुरी वाटू लागते.

वरंध घाटाच्या कुशीतील शिवथरघळीत रामदासांनी सांगितला आणि कल्याणस्वामींनी लिहून घेतला तो ‘दासबोध’, असे समर्थ संप्रदाय मानतो. धुळ्याचे शंकर श्रीकृष्ण देव यांनी १९३० मध्ये ही घळ शोधून काढली. स्थळाविषयीच्या श्रद्धेपेक्षा ग्रंथाचा रूपबंध मात्र येथे अधिक महत्त्वाचा. वीस दशके आणि दोनशे समास यांच्या या रचनेचा आरंभच श्रोत्यांच्या प्रश्नाने होतो : हा ग्रंथ कोणता, यात काय सांगितले आहे, श्रवणाने काय लाभते? उत्तरात विषयांची यादी येते, आधारग्रंथांची नावे येतात. वेदान्त सांगताना रामदास ज्ञानदेवांप्रमाणे उपमांचे वैभव उभे करीत नाहीत. ते लक्षणे मोजतात, आशंका काढतात आणि तिचे निरसन करतात. ओवी येथे जवळजवळ गद्याचे काम करते. मराठीला तुच्छ लेखणाऱ्यांना सातव्या दशकात मिळालेले उत्तरही असेच रोकडे आहे : पेटी लोखंडाची म्हणून आतली रत्ने टाकून देणारा तो करंटा.

त्याच काळातील कवींद्र परमानंदांची समाधी पोलादपूरला आहे. त्यांनी शिवचरित्रासाठी संस्कृतच निवडली. ‘शिवभारत’ मराठी अनुवादासह वाचकांपुढे आले ते स. म. दिवेकरांच्या १९२७ च्या आवृत्तीत. या तुलनेत रामदासांची निवड किती दूरदर्शी होती, हे वेगळे सांगायला नको.

तरीही ‘दासबोधा’च्या सुबोधतेला एक कुंपण आहे आणि अभ्यासकांनी ते सहसा नजरेआड केले. पाचव्या दशकाच्या पहिल्याच समासात गुरू कोण, हे ठरवताना अंत्यजाचा उल्लेख येतो. तो शब्दांचा जाणता असला, तरी ब्राह्मणाच्या जोडीने त्याची पूजा होणे नाही, असा निर्वाळा ग्रंथ देतो. एकोणिसाव्या दशकातील सुंदर अक्षराविषयीचा प्रसिद्ध उपदेशही ब्राह्मणालाच उद्देशून आहे. म्हणजे श्रवणाचे दार उघडे, पण सांगण्याचे आणि लिहिण्याचे आसन राखीव. ही केवळ त्या काळाची मर्यादा म्हणून सोडून देता येत नाही, कारण जाणत्या अंत्यजाची शक्यता ग्रंथकाराने स्वतःच कल्पिली आहे आणि कल्पून नाकारली आहे.

ती शक्यता महाडच्याच भूमीवर प्रत्यक्षात आली. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चवदार तळ्याचे पाणी घेतले. त्यानंतर ३ एप्रिलला ‘बहिष्कृत भारत’ सुरू झाले आणि त्याच्या शीर्षभागी ‘ज्ञानेश्वरी’तील ओव्या आल्या. डिसेंबरच्या परिषदेतील अध्यक्षीय भाषण तर सुबोधतेच्या इतिहासात स्वतंत्र प्रकरण व्हावे असे आहे. बहुतांशी निरक्षर, खेड्यापाड्यांतून चालत आलेल्या श्रोत्यांपुढे आंबेडकरांनी १७८९ ची व्हर्सायची राष्ट्रसभा उभी केली आणि महाडची सभा तिच्या पंक्तीला बसवली. चवदार तळ्याचे पाणी प्यायल्याने कुणी अमर होणार नाही. आपणही माणसे आहोत, हे सिद्ध करण्यासाठी तेथे जायचे, असे त्यांनी सांगितले. रोटीबेटीच्या निर्बंधांपर्यंत त्यांनी अस्पृश्यतेची मुळे शोधत नेली. समतेच्या युरोपीय विचाराचे हे भाषांतर नव्हते. पाणवठ्याच्या अनुभवातून तो विचार श्रोत्याला आपलाच म्हणून ओळखता आला. २५ डिसेंबरला मनुस्मृतीच्या दहनाचा ठराव गंगाधर नीळकंठ सहस्रबुद्धे यांनी मांडला. ज्यांना ती संहिता ऐकण्याचाही अधिकार नव्हता, ते तिचा निवाडा करण्यासाठी बसले होते.

‘द बुद्ध अँड हिज धम्म’ हा आंबेडकरांचा ग्रंथ त्यांच्या निधनानंतर, १९५७ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध झाला. त्यातील छोटी, क्रमांक घातलेली वाक्ये सभेत मोठ्याने वाचता येण्याजोगी आहेत. ‘दासबोधा’च्या समासांची आठवण व्हावी इतके ते साम्य जवळचे आहे. फरक आशंकेच्या स्वरूपात पडतो. समासात ती श्रोता काढतो आणि वक्ता मिटवतो. आंबेडकर प्रस्तावनेतच चार शंका स्वतः उपस्थित करतात : गौतमाने गृहत्याग का केला, चार आर्यसत्ये मूळ शिकवणीतली आहेत काय, आत्मा नाकारल्यावर कर्म आणि पुनर्जन्म कसे टिकतात, आणि भिक्षू कशासाठी? या शंका परंपरेने सांगितलेल्या बुद्धचरित्रालाच विचारलेल्या आहेत, आणि वाचकांनीही त्यांच्या चर्चेत भाग घ्यावा, अशी लेखकाची अपेक्षा आहे.