मित्र गांडूळ आणि पाहुणा गांडूळ



गांडूळ शेतकऱ्याचा मित्र, हे वाक्य आपण सगळ्यांनी शाळेत घोकले आहे. आता असे समजा, फिरंगाईच्या कुरकुंभचा एखादा मुलगा नोकरीला अमेरिकेत गेला. घरामागे त्याने चार वाफे केले आणि एक दिवस घरी कळवले, "आई, मी बागेतली गांडुळे वेचून मारतो आहे." आई काय म्हणेल? पोराचे डोके फिरले, असेच ना? पण पोराचे डोके ठिकाणावर आहे. कसे, ते समजायला थोडे इतिहासात शिरावे लागेल.

गांडुळाला हा मान फार जुना नाही. विलायतेत माळी लोक त्याला कीडच समजत. 1881 साली चार्ल्स डार्विनने गांडुळांवर अख्खे पुस्तक लिहिले आणि दाखवून दिले की, हा मुका जीव खालची माती वर आणतो, पाने मातीत मिसळतो, जमीन नांगरून काढतो. आपल्या देशात 1926 साली लखनौचे प्राध्यापक कर्म नारायण बहल यांनी 'फेरेटिमा' या गांडुळावर ग्रंथ लिहिला. पुढे कॉलेजातल्या कितीतरी पिढ्या याच गांडुळाचे शरीर उघडून प्राणिशास्त्र शिकल्या.

आता गंमत बघा. अमेरिकेतला तो मुलगा ज्याला मारतो आहे, ते गांडूळ याच फेरेटिमाच्या भाऊबंदांपैकी आहे! मग इथे मित्र आणि तिथे वैरी, असे का?

उत्तर जमिनीच्या इतिहासात आहे. हिमयुगात उत्तर अमेरिकेचा वरचा भाग हजारो वर्षे बर्फाच्या जाड थराखाली होता. बर्फ हटले, रान वाढले, पण त्या रानात गांडूळ नव्हते. पाने पडत, सावकाश कुजत, त्यांची जाड गादी होई. झाडांची रोपे आणि रानफुले त्या गादीच्या आधाराने वाढत. पुढे युरोपातून वसाहतवाले आले आणि त्यांच्या रोपांबरोबर, मातीबरोबर गांडुळेही आली. त्यानंतर जपान आणि कोरियाकडची गांडुळे तशीच पोचली. त्यांना तिकडे 'उडी मारणारी गांडुळे' म्हणतात. 2013 साली ती विस्कॉन्सिन राज्यात, मॅडिसनच्या विद्यापीठाच्या वृक्षोद्यानात सापडली आणि बागवानांची झोप उडाली.

हात लावला की हे गांडूळ सापासारखे वळवळते, उसळते, प्रसंगी शेपूट तोडून निसटते. अंगावर फिकट, गुळगुळीत पट्टा असतो आणि तो सबंध अंगाभोवती फिरलेला असतो. ते खोल जात नाही. वरची पाने फस्त करून माती कॉफीच्या चोथ्यासारखी रवाळ करून टाकते. अशा मातीत मुळे धरत नाहीत, पाणीही ठरत नाही. थंडीत मोठी गांडुळे मरतात, पण मोहरीएवढे त्यांचे कोष मातीत तग धरतात. शिवाय नरमादीची गरज नाही. एक गांडूळ वंश वाढवायला पुरते.

मग उपाय? खात्रीचे औषध नाही. मोहरीची पूड पाण्यात कालवून जमिनीवर ओतली की गांडुळे वर येतात. मोहरीने ती मरत नाहीत, वेचावी लागतात. उन्हाळ्यात ओल्या मातीवर पारदर्शक प्लॅस्टिक अंथरतात. माती तीन दिवस 40 अंशांच्या वर तापली की कोषही मरतात. पण खरा उपाय आधीचा आहे: दुसऱ्याची माती आणायची नाही, रोपाची मुळे धुऊन लावायची.

आपल्याकडे काय? दख्खनची जमीन बर्फाखाली गेली नाही. आपल्या मातीला गांडूळ नवे नाही. तरीही पाहुणे इथेही आहेत. खुद्द फेरेटिमाचे कूळ मूळचे आग्नेय आशियातले मानतात. पुण्यात 1980 च्या दशकात गांडूळशेतीचे प्रयोग झाले, त्यात डॉ. उदय भवाळकर यांचे नाव ठळक आहे. आज गांडूळखतासाठी जी गांडुळे विकत मिळतात, त्यांतले आयसेनिया फेटिडा युरोपचे आणि युड्रिलस युजेनी पश्चिम आफ्रिकेचे. खताच्या खड्ड्यात ती उत्तम काम करतात. पण ती शेणावर आणि कुजक्या पाल्यावर जगणारी. कुरकुंभच्या मुरमाड माळावर नेऊन सोडली, तर नांगरट करणार नाहीत, उन्हात मरतील. तेव्हा खत शेताला द्या, गांडुळे खड्ड्यात ठेवा. शेतातल्या गांडुळासाठी पालापाचोळा जाळू नका, जमीन झाकलेली ठेवा आणि ओल टिकवा. खाणे आणि गारवा मिळाला की घरचे गांडूळ बोलावल्याशिवाय येते.

शिक्षक मित्रांनो, पहिल्या मोठ्या पावसानंतर मुलांना शाळेच्या आवारात न्या. पाला पडलेल्या जागी एक आणि उघड्या जागी एक, असे हातभर लांबरुंद खड्डे खणा. दोन्हींतली गांडुळे मोजायला लावा, आणि मोजून झाली की परत मातीत सोडा. पुस्तकातले वाक्य मग घोकावे लागणार नाही. रोपवाटिकेतून रोप आणले, तर त्याच्या मुळांची मातीही मुलांना निरखू द्या. रोपाबरोबर परगावची माती येते, आणि मातीबरोबर कोण येते, ते आधी पाहिलेले बरे.

मित्र की वैरी, हे गांडुळाच्या कपाळावर लिहिलेले नसते. ते कोणत्या मातीत उतरले, यावर ठरते. त्या मुलाच्या आईला एवढे सांगा, म्हणजे तिचा जीव भांड्यात पडेल.