सुरत ते बऱ्हाणपूर : इंग्रज वकील टॉमस रो खानदेशातून गेला तेव्हा
कडोदरा चौकातून धुळ्याकडे निघालं की बारडोली, व्यारा, नवापूर अशी गावं लागतात. चारशे वर्षांपूर्वी सर टॉमस रो हा इंग्रज वकीलही सुरतेहून याच दिशेने निघाला होता. इंग्लंडचा राजा पहिला जेम्स याने त्याला बादशहा जहांगीरकडे धाडलं होतं. पगार मात्र ईस्ट इंडिया कंपनीचा.

सप्टेंबर १६१५ मध्ये तो सुरतेजवळ सुवाळीला उतरला. आपण व्यापारी नाही, राजाचे वकील आहोत, झडती देणार नाही, असं म्हणत तो सुरतेच्या अंमलदारांशी अडून बसला. त्यात महिनाभर गेला. मग व्यारा, नंदुरबार, थाळनेर, चोपडा, रावेर करत तो नोव्हेंबरात बऱ्हाणपूरला पोहोचला. सुरत सोडल्यावर पहिला पाव नंदुरबारला मिळाला, अशी त्याच्या रोजनिशीत नोंद आहे.

जानेवारी १६१६ मध्ये अजमेरला जहांगीरची भेट झाली. तीन वर्षं दरबारामागे फिरूनही हवा तो तह काही झाला नाही. व्यापारी सवलतींची फर्मानं घेऊन फेब्रुवारी १६१९ मध्ये तो परतला. पुढे १६२१ ते १६२८ तो इस्तंबूलला वकील होता.

हिंदुस्थानात किल्ले आणि लढाया नकोत, मुकाट व्यापार करा, हा त्याचा कंपनीला सल्ला होता. कंपनीने तो पुढे पाळला नाही.