मेट्झगर, रॅडली
(२१ जानेवारी १९२९–३१ मार्च २०१७). अमेरिकन चित्रपट-दिग्दर्शक व वितरक. प्रौढांसाठीच्या शृंगारप्रधान चित्रपटांकरिता विशेष प्रसिद्ध. जन्म व मृत्यू न्यूयॉर्क येथे. जेनस फिल्म्स या संस्थेत यूरोपीय चित्रपटांच्या ट्रेलरचे संकलन करीत असताना त्याची चित्रपटविषयक दृष्टी घडली. १९६१ मध्ये त्याने एव्हा लेटन हिच्या सहकार्याने ऑडबॉन फिल्म्स ही वितरणसंस्था स्थापन केली. कारमेन, बेबी (१९६७), थेरेस अँड इझाबेल (१९६८) व कमील २००० (१९६९) हे त्याचे चित्रपट फ्रेंच साहित्यकृतींवर आधारलेले असून त्यांतील शृंगार बव्हंशी सूचक आहे. १९७३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने मिलर खटल्यात अश्लीलता ठरविताना स्थानिक समाजाचे निकष ग्राह्य मानले; त्यामुळे उघड लैंगिक चित्रण करणाऱ्या चित्रपटांवर गावोगावी खटल्यांचे सावट आले. अशा काळात, १९७४ पासून, मेट्झगरने तसे चित्रपट ‘हेन्री पॅरिस’ या टोपणनावाने दिग्दर्शित केले. त्यांपैकी द ओपनिंग ऑफ मिस्टी बेथोव्हन (१९७६) हा शॉच्या पिग्मॅलियन नाटकाच्या कथासूत्रावर बेतलेला असून या प्रकारातील उत्कृष्ट चित्रपटांत गणला जातो. २०१४ मध्ये न्यूयॉर्कच्या लिंकन सेंटरमध्ये त्याच्या चित्रपटांचा महोत्सव झाला. कलात्मक व अश्लील यांमधील सीमारेषा कलाकृतीइतकीच कायदा, बाजारपेठ व काळ यांवरही कशी अवलंबून असते, हे त्याच्या दोन नावांच्या कारकीर्दीवरून स्पष्ट होते.