मुराफा कुठे करायचा?

गेल्या महिन्यात माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याची आई घरी आली. पिशवीत निकालाची प्रत होती. मारामारीच्या खटल्यात गडहिंग्लजच्या मॅजिस्ट्रेट कोर्टाने मुलाला एक वर्षाची शिक्षा दिली होती, अपिलासाठी त्याला जामीन मिळाला होता. "सर, आता कोल्हापुरात हायकोर्ट आलंय. तिथंच जायचं ना?" चाचींनी विचारलं. कुणाच्या तरी सांगण्यावरून त्या दोनदा कोल्हापूरला जाऊन आल्या होत्या. तीस दिवसांच्या मुदतीतले अकरा दिवस संपले होते.

मी भाषेचा शिक्षक. मला फक्त शब्द माहीत. अदालत, फौजदारी, वकील, जामीन, फिर्याद हे शब्द अरबी-फारसीतून आले आणि मराठीत घरचे झाले. अपिलाला उर्दूत 'मुराफा' म्हणतात. तो शब्द मराठीत रुळला नाही, पण वरच्याकडे दाद मागायची कल्पना आपल्याकडे जुनी आहे. खलिफा हारून अल रशीदने इमाम अबू युसुफ यांना काझी-उल-कुझात, म्हणजे सर्व काझींवरचा काझी नेमलं होतं. मराठी मुलखात गावच्या गोतसभेचा निवाडा पटला नाही, तर माणूस परगण्याकडे आणि तिथून थेट हुजुराकडे जाई. निवाड्याच्या कागदाला महजर म्हणत, तोही शब्द अरबीच.

कंपनीच्या राज्यात मुंबईला सदर दिवाणी आणि सदर फौजदारी अदालत होती. १८२७ च्या एल्फिन्स्टन कोडने मुंबई इलाख्याला लेखी फौजदारी कायदा दिला. १८६२ साली मुंबई हायकोर्ट सुरू झालं आणि या सदर अदालती त्यात विलीन झाल्या. पायऱ्या पक्क्या झाल्या, पण खटला कुठल्या पायरीवर सुरू होतो यावर पुढचं सगळं ठरू लागलं. लोकमान्य टिळकांचा राजद्रोहाचा खटला १८९७ मध्ये थेट मुंबई हायकोर्टातच चालला. त्यामुळे वर हायकोर्ट उरलंच नाही, राहिली ती लंडनची प्रिव्ही कौन्सिल. तिने अपिलाची परवानगीच नाकारली.

आपलं गडहिंग्लज तेव्हा करवीर संस्थानात होतं. राजाराम महाराजांच्या काळात संस्थानाचं स्वतःचं हायकोर्ट कोल्हापुरात होतं. १९४९ मध्ये संस्थान विलीन झालं आणि आपलं हायकोर्ट मुंबईला गेलं. गरिबाला मुंबईची एक तारीख म्हणजे दोन रात्रींचा प्रवास आणि बुडालेली मजुरी. वकिलांनी आणि पक्षकारांनी वर्षानुवर्षं आंदोलन केलं, तेव्हा ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडे आले.

आनंदाची गोष्ट आहे. पण हायकोर्ट जवळ आलं म्हणून खालची पायरी गळाली नाही. चाचींची चूक इथेच झाली होती. आम्ही गावातल्या एका वकिलांकडे गेलो. त्यांनी दोनच प्रश्न विचारले: शिक्षा कोणत्या कोर्टाने दिली आणि किती दिली? मॅजिस्ट्रेटने दिलेल्या शिक्षेवर अपील सत्र न्यायालयात. सत्र न्यायाधीशाने दिलेल्या शिक्षेवर हायकोर्टात. शिक्षा सात वर्षांहून जास्त असेल, तरीही हायकोर्टात. सत्र न्यायालयात अपील करायचं तर मुदत तीस दिवसांची, हायकोर्टात साठ दिवसांची, पण फाशीच्या शिक्षेवर तीसच. आरोपी तुरुंगात असेल तर तो तुरुंग अधिकाऱ्यामार्फतही अपील पाठवू शकतो. वकील परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे मोफत वकील मागता येतो.

म्हणजे चाचींना कोल्हापूरला जायची गरजच नव्हती. अतिरिक्त सत्र न्यायालय गडहिंग्लजमध्येच आहे. विसाव्या दिवशी अपील दाखल झालं. ते मान्य होईल की नाही ते कोर्ट ठरवील. मुलगा दोषी की निर्दोष, हे मी सांगू शकत नाही. पण त्याचं म्हणणं ऐकलं जायला हवं, आणि पत्ता चुकल्यामुळे ते राहून जाता कामा नये.

आपल्या मोहल्ल्यात निकाल लागला की आधी सल्ला देणारे गोळा होतात. त्याआधी निकालाच्या पहिल्या पानावर कोर्टाचं नाव आणि शेवटच्या पानावर शिक्षा वाचा. तारीख कॅलेंडरवर लिहा आणि त्याच दिवशी वकिलाला गाठा.